काहाडून ठेवलं

या सदरात लिहिणारे बहुतेक जण ‘माझा अशा गोष्टींवर मुळीच विश्वास नव्हता’ असं म्हणून सुरुवात करतात आणि पुढच्या दोन पानांत भूत उभं करतात. मी दर वेळी हसायचो. आता माझी पाळी आली आहे, तर हसा. मी रायपूरजवळ सिलतऱ्याच्या एका स्टील कारखान्यात कॉम्प्युटर विभागात आहे आणि माझं मुख्य काम म्हणजे बॅकअप. ज्या गोष्टीची दुसरी कॉपी नाही ती गेली असंच समजा, हे मी नव्या पोरांच्या डोक्यात रोज भरत असतो. गेलेल्या माणसाची दुसरी कॉपी नसते, त्यामुळे भूतही नसतं... इतका सरळ माझा हिशेब होता.

आणखी एक सांगतो. माझं मराठी रायपूरचं आहे. शाळा हिंदी, मित्र हिंदी, ऑफिस हिंदी. घरात आई मराठीत विचारते आणि मी हिंदीत उत्तर देतो, हे लहानपणापासून चालत आलंय आणि त्यात कुणाला काही खटकत नाही. हा मजकूर माझी बायको रश्मी हिने तपासून दिला. ती अमरावतीची. शुद्धलेखन तिचं आहे, लाज माझी आहे.

माझे बाबा रेल्वेत गार्ड होते. माझं लहानपण डोंगरगडच्या रेल्वे क्वार्टरमध्ये गेलं. बाबांच्या येण्याची काही वेळ नसायची — मालगाडी जिथे अडेल तिथे अडेल. आई त्यांचं जेवण ताटात वाढून, वर दुसरं ताट पालथं घालून ओट्यावर ठेवायची. बाबा अकोल्याकडच्या खेड्यातले. बूट काढता काढता विचारायचे, “काहाडून ठेवलं का वं?” आई नागपूरची, ती म्हणायची, “ठेवलंय की काढून.” आणि मी बाबांची नक्कल करायचो... ‘काहाडून, काहाडून’ म्हणत क्वार्टरभर नाचायचो. बाबा स्वतःच हसायचे.

बाबा जाऊन दोन वर्षं झाली. आम्ही पुरानी बस्तीत राहतो, आमच्या पाऱ्यात, म्हणजे मोहल्ल्यात, मराठी घरं तीन-चारच. आई दिवसभर गप्प बसून राहायला लागली, तेव्हा तिचं मन रमावं म्हणून मीच तिच्या टॅबवर एक गेम टाकून दिला. त्यात चौकोनी ठोकळे रचून घर बांधायचं, झाडं लावायची, त्यात माणसं फिरतात. मला वाटलं आठवडाभर खेळेल. तिने कित्येक महिने लावून त्यात डोंगरगडचं क्वार्टर बांधलं. दोन खोल्या, मागचं आंगण, नळ, नळाखाली बादली, सीताफळाचं झाड. निळ्या शर्टाचा एक माणूस आंगणात फिरता ठेवला. गेममधल्या माणसांना नाव देता येतं, ते त्यांच्या डोक्यावर तरंगतं. आईने जन्मात बाबांचं नाव घेतलेलं नाही. तिथेही घेतलं नाही. त्या माणसाच्या डोक्यावर लिहिलं होतं — ‘अहो’.

स्वयंपाकघरात ओट्यावर एक ताट होतं. पालथ्या ताटाने झाकलेलं.

हे वाचून तुमचं मन भरून येत असेल, तर तुम्ही माझ्यापेक्षा बरे. मला त्याची लाज वाटायची. आई टॅबशी बोलायची. “अहो, सांज झाली, आत या” असं म्हणून बोटाने त्या निळ्या शर्टाला दाराकडे ढकलायची. एकदा माझे साहेब बायकोसोबत चहाला आले असताना आई कोपऱ्यात बसून हेच करत होती. साहेबांच्या बायकोने विचारलं, “आंटी किससे बात कर रही हैं?” मी हसून म्हणालो, “कुछ नहीं मॅडम, टाइमपास.” आईने ऐकलं. ती टॅब घेऊन आत गेली. त्यानंतर कुणी येणार असलं की मी रश्मीला आधीच सांगायचो, टॅब आत ठेव. रश्मी म्हणायची, “तुम्हाला नेमकी कशाची लाज वाटते हो?”

या मे महिन्यात मावशीकडे नागपूरला लग्न निघालं. आई चार दिवस आधी जाणार होती. तिचा टॅब खूप तापायला लागला होता, बॅटरी फुगून मागचं झाकण वर आलं होतं, म्हणून मी तिच्यासाठी नवा आणून ठेवला होता. निघायच्या दिवशी सकाळी तिने मला टॅब दाखवला. “पाह्य ना बंटी, त्यायच्यासाठी आंगणात झोपाळा बांधला.” मी बूट घालत होतो. न बघताच म्हणालो, “अच्छा है.”

ऑटो दारात उभा होता. रश्मी बँकेत गेली होती. आईने पिशवी मांडीवर घेतली आणि ऑटोतून वाकून म्हणाली, “बंटी, माझा गेम तेवढा काढून ठेवजो बापा. मी येईस्तोवर.”

माझ्या कानाला फोन, कारखान्याचा सर्व्हर बंद पडलेला. मी म्हणालो, “हव आई, निकाल दूँगा.”

“हव,” आई म्हणाली आणि समाधानाने मागे टेकली. ऑटो निघाला.

झालं ते एवढंच. तिने सांगितलं, काढून ठेव. मी हिंदीत कबूल केलं, काढून टाकीन. दोघांनीही ‘हव’ म्हटलं.

मराठी कळत नाही म्हणून हे झालं, असं मी स्वतःला पुष्कळदा सांगून पाहिलं. ते खरं नाही. काढून ठेवणं आणि काढून टाकणं यातला फरक जो ओट्यावरच्या ताटावरून शिकला, त्याला तो कळत नाही असं होईल? क्षणभर मला शंका आली होती. पण मला जे ऐकायचं होतं तेच मी ऐकलं. मला वाटलं, चला, आईचं तिलाच कळलं, सुटली त्यातून. आणि खरं सांगायचं तर मीच सुटलो होतो.

गेम काढून टाकताना टॅबने विचारलं, डेटासुद्धा हटवायचा? मी ‘हो’ दाबलं. मग पूर्ण टॅब रिसेट केला आणि गोल बाजाराजवळच्या दुकानात देऊन टाकला. बॅकअप? दिव्याखाली अंधार म्हणतात तो हाच.

दोन दिवसांनी नागपूरहून आईचा फोन. मागे बायकांचा गलका, बांगड्यांचा आवाज.

“काढून ठेवला ना रे? नव्या टॅबात नीट आले ना ते?”

“कौन आई?”

“अरे कोण काय! हे. झोपाळ्यावर बसले का नाही, पाहून सांगजो मले. इथं माझं लक्षच नाही लागून राहिलं.”

मी ऑफिसमध्ये उभा होतो. आणि मी काय म्हणालो असेन? म्हणालो, “हव आई, रख दिया है. बढिया बैठे हैं.” उचलली जीभ लावली टाळ्याला. वर सुट्टी टाकून घरी पळालो.

पुढचं जरा धंद्यातलं आहे, पण सोपं करून सांगतो. हा गेम त्याचं सगळं त्याच टॅबच्या पोटात, एका आतल्या फोल्डरमध्ये ठेवतो. गेम काढला की ते फोल्डरही जातं. इंटरनेटवर कॉपी ठेवायची सोय असते, ती आईच्या खात्यात बंद होती... मीच बंद केली होती, नेटचा डेटा वाचावा म्हणून. दुकानात फोन केला. “भैया, वो तो कल के लॉट में चला गया.” आईचा जुना मोबाइल काढला, तिने सुरुवातीला त्यावर खेळून पाहिलं होतं. त्यात फोल्डर होतं, आत काही नव्हतं. माझ्या लॅपटॉपला एकदा टॅब जोडून फोटो उतरवले होते. फोटो मिळाले, बस्. भर दुपार, कूलर घरघरतोय आणि मी जमिनीवर वायरी पसरून घामाने निथळतोय. रश्मी आली तेव्हा मी तिला सगळं सांगितलं. तिने मला एका शब्दानेही बोल लावला नाही. तो लावला असता तर बरं वाटलं असतं.

वायरी गोळा करता करता ती म्हणाली, “बाबांचा लॅपटॉप पाहिला?”

“बाबूजी ने कभी गेम खेला है?” मी चिडून म्हणालो. बाबा त्यावर भजनं ऐकायचे आणि पत्ते मांडायचे. ते गेले तेव्हापासून तो दिवाणात, चादरींखाली होता.

तरी काढला. चार्जिंगला लावला. बराच वेळ काळा पडदा, मग सुरू झाला. वाय-फाय जोडलेलं नव्हतं. बाबा गेल्यावर आम्ही राऊटर बदलला, त्याचा पासवर्ड या लॅपटॉपला माहीतच नाही. स्क्रीनवर भजनांचं फोल्डर, तिकिटांचं फोल्डर, आणि त्याखाली आणखी एक.

‘काहाडून ठेवलं’.

रश्मीने ते मोठ्याने वाचलं आणि विचारलं, “हे असं कुणी लिहिलं?” अमरावतीची असल्याने शब्द तिला नवा नव्हता, पण बाबांना तिने अशा बोलीत फारसं ऐकलं नव्हतं; तिच्यापुढे ते जपून बोलायचे. आमच्या घरात तो शब्द असा उच्चारणारं एकच माणूस होतं. त्या लॅपटॉपवर मराठी लिहायची सोयच नव्हती, हे मी नंतर तपासलं.

आत आईच्या गेमचं फोल्डर होतं. जसंच्या तसं, सगळ्या फायलींसकट. तारीख — आई नागपूरला गेली त्याच दिवसाची.

मी आतापर्यंत ऐकलेल्या सगळ्या शंका मलाही आल्या. लॅपटॉपचं घड्याळ चुकलं असेल? बंद मशीनचं घड्याळ चुकलं तर मागे पडतं, पुढच्या नेमक्या तारखेवर जात नाही. जुनी कॉपी असेल? नव्या टॅबवर गेम टाकला, एक रिकामं जग तयार केलं, केबल लावून त्याच्या जागी हे फोल्डर ठेवलं, गेम उघडला. क्वार्टर उभं राहिलं. आंगण, नळ, बादली, सीताफळ. आणि आंगणात झोपाळा, जो आईने जाण्याच्या दिवशी सकाळी बांधला होता आणि जो मी बघितलाही नव्हता. त्यावर निळा शर्ट. डोक्यावर ‘अहो’.

मी लगेच बंद केलं. भीती वाटली म्हणून नाही... तोंड दाखवायची सोय नव्हती म्हणून. टॅब कपाटात ठेवला आणि आई येईपर्यंत त्याला हात लावला नाही. रश्मीनेही नाही.

आई आली. हातपाय धुतले, चष्मा लावला, नवा टॅब मांडीवर घेतला. मी दारात उभा. ती झोपाळ्याकडे बघून हसली, मग बोटाने घरात शिरली आणि थांबली.

“बंटी, हे दुसरं ताट कोणाचं रे?”

मी जवळ गेलो. ओट्यावर नेहमीचं झाकलेलं ताट होतं. शेजारी आणखी एक, तसंच झाकलेलं.

“मी तर एकच ठेवतो. त्यायचंच,” आई म्हणाली. “तू ठेवलं काय?”

“नहीं आई.”

तिने चष्मा वर सरकवला. मग काही विशेष नाही अशा आवाजात म्हणाली, “तू आजकाल उशिरा येतो ना रे कारखान्यातून. त्यायनं काढून ठेवलं असंन तुझं.”

आणि मग तिने मावशीला फोन लावला. माझ्यासमोरच सांगितलं, “अवं, पोट्ट्यानं सगळं जसंच्या तसं काढून ठेवलं होतं. एवढं काम असते त्याले, तरी माझं ध्यान ठेवते.” त्यानंतर तिने हे काकूला सांगितलं, पाऱ्यातल्या मिश्रा दीदींना सांगितलं. दर वेळी मी तिथे मान खाली घालून उभा. ते कौतुक माझ्या अंगाला खाजकुयलीसारखं लागायचं आणि तरी मी एकदाही ‘नाही’ म्हणालो नाही.

कारखान्यातल्या दोघा जाणत्या सहकाऱ्यांना मी लॅपटॉप दाखवला. त्यांनी पुष्कळ खटाटोप केला आणि शेवटी एक जण म्हणाला, “सर, किसी ने तो कॉपी किया है ना.” किसी ने. त्याच्या पुढे मला काही सांगता येत नाही. तेव्हाही नव्हतं, आताही नाही. मी रोज बॅकअप घेणारा माणूस आहे आणि हा बॅकअप कुणी, कसा, कुठल्या वायरीने घेतला हे मला ठाऊक नाही. ज्यांना मी काढून टाकलं, त्यांनी माझं ताट का काढून ठेवावं, हे तर त्याहून ठाऊक नाही.

हे मासिक आमच्या घरी आईसाठी येतं. ती दुपारी पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत वाचते, हे सदर तर सर्वांत आधी. तोंडाने सांगायला मला जमलं नाही, म्हणून इथे लिहितो आहे.

आई, मी तुझा गेम काढून ठेवला नव्हता. काढून टाकला होता. आणि साहेबांच्या बायकोला मी जे टाइमपास म्हणालो, ते तू ऐकलं होतंस, हेही मला माहीत आहे.

वाचून झालं की मला हाक मार. मी मराठीत ओ देईन.