आठ तास झाकण उघडू नये

हॉस्पिटलच्या स्वयंपाकघरात नोकरी केलेल्या माणसाला किस्से शोधावे लागत नाहीत. वॉर्डातले लोक बरे होऊन जातात किंवा तसेच जातात, आणि त्यांचं बोलणं मात्र भांड्यांबरोबर मागे उरतं. मी स्टाफ नर्स होते, पण मिसबाईंनी मला 'डाएट'वर टाकलं होतं. म्हणजे कुणाला पेज, कुणाला दूध, कुणाला काहीच नाही, हे ठरलेलं स्वयंपाकघरात जाऊन सांगायचं! आमचं मिशन हॉस्पिटल जिल्ह्यातच होतं, कुठलं ते सांगत बसत नाही. साल बहात्तर-त्र्याहत्तर. दुष्काळाचं. तेव्हा हसायला कारणं कमी होती, म्हणून जी होती ती लक्षात राहिली. त्यातली निम्मी त्या एका पातेल्याची आहेत.

०

मिसबाई म्हणजे आमच्या मोठ्या डॉक्टर. अमेरिकेच्या, पण तीस वर्षं इथे काढलेल्या. त्यांच्या बहिणीने बोटीने पार्सल पाठवलं. आतून निघालं विजेवर चालणारं जाड मातीचं पातेलं, वर काचेचं झाकण. "यात अन्न हळूहळू शिजतं. आठ तास," मिसबाई म्हणाल्या.

आमचे आचारी याकोबमामा सोनईकडचे. चार पिढ्यांचे ख्रिस्ती आणि आठ पिढ्यांचे तिखट! ते म्हणाले, "आठ तास? म्हंजी सरकारी पातेलं हाय. काम चालू हाय का बंद, ते कळत न्हाई, आन निकाल सांजच्याला!"

अमेरिकेची वीज वेगळी, म्हणून चर्चच्या प्रोजेक्टरचा ट्रान्सफॉर्मर आणला. त्याची पिन आमच्या बोर्डात बसेना. मामांनी पिन कापली, तारा सोलल्या, भोकात घातल्या आणि आगपेटीच्या काड्या खोचून घट्ट केल्या. सगळेच तेव्हा असं करायचे. फाट्‌ करून ठिणगी उडाली आणि ऑपरेशन थिएटरसकट सगळं अंधारात!

मिसबाईंनी उरलेले टाके बॅटरीच्या उजेडात घातले. टेबलावरची बाई जगली, म्हणून हा किस्सा हसत सांगता येतो.

०

त्या पातेल्यात करायचा पदार्थ म्हणजे कॉबलर. खाली फळं आणि साखर, वर लोण्यात कालवलेल्या मैद्याचे गोळे चमच्याने सोडायचे, झाकण लावायचं आणि विसरून जायचं. मिसबाईंची आई उन्हाळ्यात रानातली फळं आणून करायची म्हणे. आमच्याकडे हिवाळ्यात बोरं होती. तीही त्या वर्षी सुपारीएवढी.

"भाजायचं न्हाई, तळायचं न्हाई, नुसतं झाकून ठिवायचं?" मामा म्हणाले. "हे आजाऱ्यावर पांघरून घातल्यागत झालं!"

विसरून जाणं आम्हाला जमणार होतं का? आपल्याकडे बाई चुलीवर भाजी टाकते आणि दर दोन मिनिटांनी झाकण काढून बघते. मामांनी सात वेळा काढलं, मी चार वेळा. प्रत्येक वेळी वाफ गेली. संध्याकाळी वरचं पीठ तसंच्या तसं कच्चं!

मिसबाई रागावल्या नाहीत. त्यांनी ड्रेसिंगच्या ट्रेमधून चिकटपट्टी आणली, झाकणावरून आडवी-उभी लावली आणि पेनने लिहिलं, 'सुरू ८. उघडणे ४.' म्हणाल्या, "पेशंटची जखम आणि हे झाकण, वेळेआधी कुणी उघडायचं नाही."

मामांनी हा हुकूम मनावर घेतला. पट्टी लावली की ते पातेल्याकडे पाठ करून बसायचे. कुणी जवळ गेलं तर उलथनं दाखवायचे.

०

पुढे मैदा संपला. अमेरिकेहून मदत म्हणून आलेली लाल मिलो ज्वारी होती, जनावरंही तोंड फिरवतील अशी. तिच्याच पिठाचं कॉबलर करून मिसबाई मुलांच्या वॉर्डात वाटायला लागल्या. मुलं हातापायांनी वाळलेली, पोटं पुढे आलेली. ती बोटं चाटायची तेव्हा वॉर्डात बरं वाटायचं.

जामखेडकडची एक बाई होती. खडी फोडण्याच्या कामावरून धाकट्याला घेऊन आलेली. तिच्या वाटणीचा घास ती रोज पदरात बांधायची. चिकट पदराला मुंग्या लागल्या, तेव्हा मिसबाईंच्या लक्षात आलं. त्या म्हणाल्या, "बाई, हे इथेच खायचं. घरी न्यायचं नाही. आजाऱ्यांसाठी आहे."

ती म्हणाली, "मडम, हितं एक आजारी हाय, घरी तिघं हायती. ती आजारी पडस्तवर थांबू का?"

दुसऱ्या दिवसापासून पातेलं दोनदा लागायला लागलं. त्या बाईला डबा मिळाला. घरच्या तिघांतल्या दोघांना तो पुरला, एवढंच आम्हाला नंतर कळलं.

०

एकदा दुष्काळाची पाहणी करणारे एक साहेब आले. स्वयंपाकघरात शिरले, वास घेतला, म्हणाले, "हे काय?" मिसबाईंनी वाटी दिली. साहेबांनी ती संपवली, दुसरी मागितली आणि वहीत शेरा लिहिला, 'रुग्णांचा आहार उत्तम.'

मामा हात जोडून म्हणाले, "साहेब, रोज येत जा. म्हंजी तुमचा तरी आहार उत्तम ऱ्हाईल!"

साहेब मनापासून हसले. दोन वाट्या कमी पडल्या, तेवढ्या दोन मुलांना त्या दिवशी वरणाचं पाणी दिलं.

०

मे महिन्यात अकोले तालुक्यातल्या डोंगरातून आबा आले. अन्ननलिकेचा कॅन्सर. बरोबर त्यांची लेक हौसा. मिसबाईंनी तिला आडपडदा न ठेवता सांगितलं, "महिनाभर. फार तर. जे मागतील ते द्या, जे गिळतील ते द्या."

आबांची खाट स्वयंपाकघराच्या खिडकीला लागून होती. आत-बाहेर टोलेबाजी चालायची. "मामा, तुमच्या पेजंनं मरान लवकर येतंय," आबा म्हणायचे. "लई उपकार हायती!" मामाही सोडायचे नाहीत. "आबा, घाई करू नका. वर सैपाकाला कोन हाय, ते आदी इचारून घ्या!"

आबा मागायचे ते एकच, करवंदं. त्यांच्या डोंगराला त्या साली दुसरं काही आलं नव्हतं, पण करवंदाच्या जाळीला पाऊस लागत नाही. आता करवंदाची साल आणि बिया त्यांच्या घशातून कशा उतरणार? मिसबाई म्हणाल्या, "बिया काढून पातेल्यात घाला. आठ तासांत लोण्यासारखी होतील." मामांनी आबांना शब्द दिला, "तुमास्नी करवंदं खाऊ घातल्याबिगर सोडत न्हाई."

हौसाने गावाला निरोप धाडला. एसटीच्या कंडक्टरच्या हाती पळसाच्या पानांत बांधून करवंदं आली, पण वाटेत गाडी बंद पडली आणि सगळी आंबून गेली. तोवर आबांचं पाणीही चमच्यावर आलं होतं. चार दिवसांनी दुसरी पुरचुंडी आली. हौसाने आणि मी बसून एकेक बी काढली. बोटं आठवडाभर काळी होती.

सकाळी आठला पातेलं लागलं. पट्टी लागली, 'उघडणे ४.' मिसबाई खडीच्या कामावरच्या लोकांना तपासायला बाहेर गेल्या.

दोनच्या सुमाराला आबांनी खिडकीतून हाक मारली. "मामा, वास आलाय. एक चमचा दे."

मामांनी पट्टीकडे बोट दाखवलं. "दोन तास, आबा. मिसबाईंचा हुकूम हाय."

"दोन तास कोनापाशी हायती रं?"

मामा हसले. मीही हसले. आबांचं नेहमीचंच बोलणं, असं वाटलं. मी तिथे उभी होते. 'मामा, उघडा,' एवढे दोन शब्द मला म्हणता आले असते. म्हटले नाहीत.

साडेतीनला आबा गेले.

मामांना कुणी सांगितलं नव्हतं. त्यांनी चारच्या ठोक्याला पट्टी सोडली, वाटी भरली, चमचा पुसला आणि वॉर्डात गेले. आबांच्या तोंडावर चादर होती. मामा वाटी घेऊन तसेच परत आले आणि ओट्याला टेकून खाली बसले.

संध्याकाळी मिसबाई आल्या. "याकोब, उघडलं का नाहीस?"

"तुमीच म्हनला हुता, येळंआदी न्हाई."

"तो नियम पिठासाठी होता," मिसबाई म्हणाल्या. "आबांसाठी नव्हता." आणि त्या तिथेच रडल्या. तीस वर्षांत पहिल्यांदा आम्ही त्यांना रडताना पाहिलं. मामांनी मात्र डोळ्यांतून टिपूस काढलं नाही. त्यांनी बोलणंच सोडलं. पोरांना पेज वाढायची, भांडी लावायची, घरी जायचं.

०

आठव्या दिवशी हौसा हॉस्पिटलात आली. सरळ स्वयंपाकघरात. मामा उठून उभे राहिले. ही आता काय बोलेल, असं त्यांच्या चेहऱ्यावर लिहिलेलं होतं.

तिने पळसाच्या पानांची पुरचुंडी ओट्यावर ठेवली. "मामा, परवा दहावा हाय. आबाचा जीव त्याच्यात गुतला हुता. पिंडाशेजारी तेच ठिवायचंय. कराल का?" मग खाली बघून म्हणाली, "गोड करा म्हनावं मामाला, असं आबा म्हनायचा. आन मामा, निवदाचं हाय. चाखून उष्टं करू नका."

बातमी चर्चपर्यंत गेली. पाळकांनी मामांना बोलावलं. "याकोब, तू ख्रिस्ती माणूस. कावळ्यासाठी स्वयंपाक करणार?"

मामा आठ दिवसांत पहिल्यांदा धड बोलले. "साहेब, दुष्काळात एका संदेष्ट्याला कावळ्यांनी भाकर नेऊन दिली, आसं तुमीच सांगता ना? मंग एकांद्या कावळ्याला आपुन दिली तर काय बिघडलं?"

पाळकांनी परवानगी दिली नाही, पण परत बोलावलंही नाही.

मामांनी आदल्या दिवशी पातेलं लावलं. सोवळ्यातल्या माणसाने केलं नसतं इतकं जपून! तोंडाला फडकं बांधलं, हात तीनदा धुतले, पट्टी स्वतः लावली. आठ तास पाठ करून बसले. चाखणं तर सोडाच, चमच्याला लागलेलं पीठसुद्धा बोटाने पुसून चाटलं नाही. पहाटेच्या एसटीने आम्ही दोघं पातेलं हॉस्पिटलच्या घोंगडीत गुंडाळून निघालो. कंडक्टरने विचारलं, "ह्यात काय हाय?" मामा म्हणाले, "एकाचं ऱ्हायलेलं जेवान."

नदीला पाणी घोट्याएवढंच होतं. पिंड मांडले, शेजारी पानावर मामांनी केलेलं वाढलं, आणि सगळे मागे सरले. समोरच्या बाभळीवर चार कावळे होते. एकही हलेना.

आबांचा मुलगा पुढे झाला. "आबा, हौसाचं म्हायेर तुटू देनार न्हाई." कावळे तसेच. "आबा, वरचं वावर इकनार न्हाई." तसेच. म्हातारी माणसं एकेक आठवून बोलली. ऊन डोक्यावर आलं. पाय भाजायला लागले. दर्भाचा कावळा करून शिवायचा का, अशी कुजबूज सुरू झाली, तेव्हा हौसाने डोळ्याला पदर लावला.

मामा सगळ्यांच्या मागे, लांब उभे होते. ते पुढे आले. कुणी अडवलं नाही. हात कुठे ठेवावेत, ते त्यांना कळेना. शेवटी चर्चमध्ये उभे राहतात तसे समोर बांधून उभे राहिले.

"आबा, चुकलो," ते म्हणाले. "तुमी मागितलं तवाच द्यायला पायजे हुतं. कच्चं असतं तरी."

कावळा आला.

लोक सुटल्यासारखे बोलायला लागले, पाण्याकडे गेले. मामा तिथेच उभे होते.

घरी गेल्यावर हौसाने उरलेलं सगळ्यांना पानावर थोडं थोडं वाढलं. पहिलं पान मामांना. मामांनी घास तोंडात घातला आणि त्यांचा हात थांबला. मीही खाल्लं. जीभ टाळ्याला चिकटली. नुसती आंबट, तुरट करवंदं! साखरेच्या कपाटाची किल्ली माझ्या कमरेला असायची. काल ती मामांनी मागितली नव्हती आणि मलाही आठवली नव्हती.

मामांनी हौसाकडे बघितलं.

हौसाने आपलं पान पुसून खाल्लं, परत थोडं वाढून घेतलं आणि म्हणाली, "आबाला आंबटच आवडायचं, मामा."

तेव्हा याकोबमामा रडले.