सातव्या आसरेचे डोळे

त्या आजारपणानंतर माझ्या उजव्या हाताने माझे ऐकणेच सोडले. भाकरी थापताना, दिवा लावताना तो थरथरे, आणि मी मनोमन देवाशी अबोला धरला होता. खामगावकडचे आमचे गाव धरणाच्या पाटावर जगते. रब्बीचे पाणी यायचे त्या दिवशी पाटाच्या दाराजवळच्या शिळेवर गेरूचा लेप द्यायचा आणि चुन्याने सात आसरा, पाण्याच्या सात देवी, रेखायच्या. सातवीचे डोळे मात्र पाटाच्या पहिल्या पाण्यात बोट भिजवूनच उघडायचे. तोवर कुणी आपल्या शेताकडे पाणी वळवत नाही. सासूबाईंच्या मागे हे रेखाटन येणारी मी एकटीच उरले होते.

त्या सकाळी ओल्या गेरूच्या मातकट गंधात मी शिळेपुढे बसले. उजवे मनगट डाव्या हाताने करकचून धरले, तरी साऱ्याजणींच्या लुगड्यांचे काठ वाकडेतिकडे उमटले. मागे गावकऱ्यांसोबत दीर उभे होते.

"वहिनी, राहू द्या आता. पुढच्या साली खामगावहून फ्लेक्सच छापून आणतो. आसरा रंगीत दिसतीन, अन् तुमच्या हातालेही आराम!"

सगळे हसले. बोलण्यात माया होती, म्हणूनच ते अधिक लागले; मी पदराने आसवे टिपली. सातवीचे डोळे चुकले, तर फ्लेक्स येणार आणि ही शिळा कायमची कोरी राहणार होती.

तेवढ्यात पाटाच्या वरच्या अंगाने एक अनोळखी बाई आली. पाट अजून कोरडा होता, तिचा पदर मात्र निथळत होता. ती माझ्याशेजारी टेकली.

"काऊन रडून राह्यली व माय?"

"हात ऐकत नाही माझा."

"मंग कायले धरून ठेवतं त्याले? सोड न!"

तिने माझा डावा हात अलगद सोडवला आणि माझ्याच मांडीवर उताणा ठेवला. तिची बोटे विहिरीच्या तळासारखी गार होती. त्याच क्षणी काडीकचरा पुढे लोटत, तापल्या मातीचा वास उठवत पाणी आले. "आलं, आलं!" म्हणत सारे तिकडे धावले. मी बोट भिजवले, चुन्यात टेकवले आणि प्रथमच मनात ना मागणे उरले, ना रुसवा. एक ठिपका. दुसरा ठिपका. हात वाऱ्याविना जळणाऱ्या ज्योतीसारखा निश्चल होता. सातवी माझ्याकडे पाहत होती.

वळून पाहिले, तर शेजारी कुणी नव्हते. ती बाई कुठे गेली, असे मी विचारले. "कोणती बाई?" दिरांनी विचारले. मग शिळेकडे पाहून त्यांचा आवाज उतरला. "वहिनी, काठ तर पाण्यावानी हालून राह्यले..." भरल्या पाटाचा उजेड शिळेवर हेलकावत होता, आणि माझ्या वाकड्या रेषा त्याच लयीत वाहत होत्या. फ्लेक्सचे नाव पुन्हा कुणी काढले नाही.

ती कोण होती, हे मी शोधले नाही. हात आजही थरथरतो. दरवर्षी तो तसाच त्या माउलीच्या स्वाधीन करते, आणि डावा हात मांडीवर उताणा ठेवते.