परदेशी डब्यातलं दूध

माझ्या धाकट्या बहिणीला मुलगी झाली तेव्हा आमच्याकडे भूकंपाचे धक्के बसत होते. जमिनीतून गडगड यायची, पत्रे वाजायचे. शेवटी गंजाडजवळच्या आमच्या पाड्यानं घरं सोडली आणि सगळे शेतात ताडपत्रीखाली राहायला गेलो.

मग परदेशातल्या एका संस्थेची गाडी आली. ब्लँकेटं दिली, तान्ह्यांसाठी पावडरच्या दुधाचे डबे दिले. सोबतची गोरी बाई मायाळू होती.

बहिणीला अंगावर भरपूर दूध होतं. पण भेदरलेल्या आईचं दूध बाळाला बाधतं, असं कुणीतरी बोललं आणि ते तिच्या मनात बसलं. डब्यावर गुटगुटीत बाळाचं चित्र होतं. "ताई, बघ ना, हे पिऊन कशी शांत झोपते," ती म्हणायची. मलाही बरं वाटायचं. तिचं स्वतःचं दूध आटत गेलं, ते कुणाच्या ध्यानातच आलं नाही.

धक्के कमी झाले, गाडी यायची थांबली. डहाणूच्या बाजारातला डबा आम्हांला परवडेना. बहीण पावडर कमी, पाणी जास्त करू लागली. पाणी विहिरीचं, उन्हाळ्यात तळाला गेलेलं. भाचीला जुलाब लागले. रिक्षातून डहाणूला नेताना बहीण तिला छातीशी धरून म्हणत होती, "पी गं, पी ना." पोरगी ओढत होती आणि काहीच येत नव्हतं. दवाखान्याच्या दारात तिनं ओढणंही सोडलं.

पुढे वादळात सायवनकडची घरं पडली. तिकडे निघालेली गोरी बाई वाटेत आमच्याकडे थांबली.

"बाळ कुठंय?" बाईसोबतच्या दुभाष्यानं विचारलं.

"गेली. जुलाबानं," बहीण म्हणाली. बाईचे डोळे भरून आले. तिनं बहिणीला जवळ घेतलं, थोड्या वेळानं गाडीत जाऊन बसली.

गाडी वळली तेव्हा मागे रचलेले तेच डबे दिसले. बहीण अनवाणी धावत सुटली आणि गाडीसमोर उभी राहिली.

"हे नका नेऊ! तिकडच्या आयांना जेवायला द्या, त्यांचं दूध आटू देऊ नका. माझी मुलगी ह्यानंच गेली."

दुभाषा घुटमळला, मग त्यानं सांगितलं. बाई खाली उतरली. भाची गेल्यापासून न रडलेली माझी बहीण भर रस्त्यात मातीत बसून रडली.

बाईनं डबे आमच्या पाड्यावरच उतरवायला लावले. सायवनला त्या दिवशी नुसत्या ताडपत्र्या गेल्या. बहिणीला पुन्हा मूल झालं नाही.