सुमनताईंचे दोन प्लग

चाकणच्या आमच्या कंपनीत मी गेली सत्तावीस वर्षं मशिनांची दुरुस्ती करतोय. दुसऱ्याची चूक मला लांबून दिसते. स्वतःची दिसायला मात्र दोन दिवस लागले, आणि ती गेल्या दसऱ्याला दाखवली बागेतल्या सुमनताईंनी.

सुमनताई मूळच्या परभणीकडच्या, राहायला थेरगावात. बारा वर्षं त्यांनी कंपनीच्या हिरवळीवर खुरपं धरलं. आता कंबरेला पट्टा बांधून येतात. गवत कापायच्या गाडीवर मात्र ऐटीत बसायचा सयाजी. पुनावळ्याच्या त्याच्या जमिनीवर टॉवर उभे राहिले आणि सयाजीसाहेबांना नोकरीचा कंटाळा आला. तो गेला तशी गाडीही रुसली. बागेचा ठेकेदार शेखर बाहेरून माणूस आणणार होता.

"मी चालवते की," ताई म्हणाल्या.

शेखर हसला. "आधी चालू तर करून दाखवा, मावशी. दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी, ॲडमिनच्या मॅडमसमोर. नाही झाली तर माझा माणूस येणार."

त्याच दुपारी डबा न उघडताच त्या माझ्याकडे आल्या. "सोपानभाऊ, तुमी नका करू. मला दाखवा."

बॉनेट उघडलं तर दोन्ही प्लग काजळीनं माखलेले.

"स्टोच्या बर्नरवानीच हाय की हे!"

मी स्टोअरमधून नवे प्लग आणले. त्यांनी थेट पाना लावला आणि मी खेकसलो, "आधी हातानं! आटे गेले तर इंजिनाचं हेड जाईल!" माझं खेकसणं ऐकून चांगले चांगले फिटर पळतात. ताईंनी प्लग काढला, बोटांनी अलगद फिरवत बसवला, मग पान्यानं आवळला आणि वरची रबरी टोपी घट्ट दाबली. दुसराही तसाच. किल्ली फिरवली, गाडी एका झटक्यात चालू. त्यांनी तोंडाला पदर लावला. मला वाटलं हसताहेत. रडत होत्या.

दुसऱ्या दिवशी खंडेनवमी. आमच्याकडे त्या दिवशी पान्यापासून क्रेनपर्यंत सगळ्यांची पूजा असते, आणि नारळ फोडायचा मान माझा. मी नारळाच्या पाण्यातच कुंकू कालवलं आणि फिरत फिरत बागेत गेलो. ताई पलीकडे झाडांना पाणी घालत होत्या. म्हटलं, बॉनेटला काय, कुणीही बोट लावतं. खरा मान नव्या प्लगांचा! टोप्या काढल्या, दोन्ही पांढऱ्याशुभ्र प्लगांवर ठसठशीत बोटं ओढली आणि टोप्या परत बसवल्या. सत्तावीस वर्षांचा मेंटेनन्सवाला मी! अक्कल गहाण टाकली होती, दुसरं काय.

दसऱ्याची सुट्टी संपली. ताई लेकीचा पंजाबी ड्रेस घालून आल्या होत्या. गाडीवर साडी अडकायला नको म्हणून. ॲडमिनच्या स्नेहल मॅडम आल्या, शेखरही आला. ताईंनी किल्ली फिरवली. गाडी नुसती घरघरली. पुन्हा फिरवली. पुन्हा तेच.

"मी म्हणालो होतो ना मॅडम," शेखरनं मोबाइल काढला. "माणूस तयार आहे, बोलावतो."

"दोन मिन्टं द्या," ताई म्हणाल्या. बॉनेट उघडून त्यांनी टोपी उपसली आणि तशाच थांबल्या. रबराखाली कुंकू वाळलंच नव्हतं. ओलाव्याची वाट मिळाल्यावर वीज ठिणगी कशाला टाकेल, ती बाहेरूनच पळते. ताईंनी मान वळवून माझ्याकडे पाहिलं.

"काय झालं?" मॅडमनी विचारलं.

माझं नाव घेतलं असतं तर त्यांची बाजू तिथंच राखली गेली असती. त्या म्हणाल्या, "काही न्हाई मॅडम, प्लग वले झाले. पुसते."

मग मात्र मला राहवेना. "मॅडम, ते माझं काम हाय. नारळाच्या पाण्यातलं कुंकू मी लावलं प्लगांना. ताईंची काय बी चूक न्हाई."

शेखर पोट धरून हसला. हसू दे. ताईंनी ओढणीनं दोन्ही प्लग आणि टोप्या आतून-बाहेरून कोरड्या केल्या, ओढणी कंबरेला घट्ट खोचली आणि सीटवर बसल्या. किल्ली फिरवली. गाडी सुरू झाली आणि मला, खोटं कशाला बोलू, रडू आलं. गवताचा पहिला पट्टा वाकडा निघाला. दुसरा सरळ. तिसऱ्या पट्ट्याला मॅडम टाळ्या वाजवत होत्या आणि शेखरनं मोबाइल खिशात घातला होता.

"उद्या आठला या, ताई," तो म्हणाला. मावशी नाही म्हणाला.

यंदाच्या खंडेनवमीला गाडीची पूजा ताईंनीच मांडली. बॉनेटला झेंडूची माळ, स्टिअरिंगला कोरड्या कुंकवाचं एक बोट. मग नारळ माझ्या हातात दिला आणि आपल्या सीटवर जाऊन बसल्या.

"फोडा, सोपानभाऊ. पर तिकडं, लांब."

मी मुकाट्यानं लांब जाऊन फोडला.