चव्वेचाळीस नंबरचा ताप

"तुमचा ताप खरा आहे, त्याला नावही आहे," डॉक्टर म्हणाले आणि मला हसू फुटलं.

आजाराचं नाव ऐकून हसणारा रोगी त्यांनी तोवर पाहिला नसावा. ताप डोक्यात गेला की काय म्हणून त्यांनी माझ्या कपाळाला हात लावून पाहिला. पण पाच महिने ज्याच्या तापावर कुणाचा विश्वास बसत नव्हता, त्याला त्या क्षणी काय वाटलं असेल ते त्यातून गेलेल्यालाच कळेल. असा येणारा-जाणारा ताप आज ज्यांच्या अंगात असेल, त्यांच्यासाठीच हे लिहितो आहे.

मी परभणीच्या सरकारी दवाखान्यात रोगनोंदणीचा कारकून होतो. डॉक्टरांनी केसपेपरवर लिहिलेला आजार पुस्तकात शोधायचा, त्याचा नंबर काढायचा आणि रजिस्टरात चढवायचा, एवढंच माझं काम. निजामाच्या काळी हे सोपं होतं. ताप कसलाही असो, उर्दूत 'बुखार' लिहिलं की झालं. मराठवाडा मुंबई राज्यात गेला आणि नवे छापील तक्ते आले. सोबत एक जाडजूड इंग्रजी पुस्तक आलं, त्यात जगातल्या झाडून सगळ्या रोगांना नंबर दिलेले. मी उर्दूत शिकलेला माणूस, पण वर्षभरात अर्धं पुस्तक पाठ केलं. मलेरिया, टायफॉईड, कॉलरा, कुणी झोपेतून उठवून विचारलं असतं तरी नंबर सांगितला असता. त्याची मला घमेंडही होती, खोटं कशाला बोलू.

आणि नेमका मलाच असा ताप आला, ज्याला नंबर सापडेना.

संध्याकाळी दिवेलागणीला थंडी वाजून यायची. पहाटे घामानं अंथरूण भिजायचं. सकाळी मी ठणठणीत. कंबर आणि खुबे मात्र असे दुखायचे की खुर्चीतून उठताना टेबल धरावं लागे. पंधरा दिवस हा खेळ चाले, मग आठ दिवस काही नाही, आणि पुन्हा सुरू. मलेरिया समजून कोयनेल दिलं, कान तेवढे बधिर झाले. विडाल टेस्ट केली, म्हणजे टायफॉईडसाठी रक्ताची तपासणी. त्यातही काही निघालं नाही.

अडचण अशी की तपासणी सकाळी नऊला असायची, आणि नऊ वाजता माझा ताप उतरलेला. मोठे डॉक्टर थर्मामीटर बघत आणि कागदावर लिहीत, 'काही आढळले नाही.' रजेच्या अर्जात आजाराचं नाव लागतं. आमचे हेडक्लार्क जुने हैदराबादी, माणूस मनानं चांगला, पण कायद्याला पक्का. म्हणाले, "भाई, नाम नहीं तो छुट्टी नहीं." ऑफिसात कुजबुज सुरू झाली की गडी कामचुकार आहे. मागे वळलं की बोलणं थांबायचं. महिनाअखेर तीन डॉक्टरांचं बोर्ड बसणार होतं. त्यांनीही 'काही आढळले नाही' लिहिलं असतं तर नोकरी गेली असती. आमच्या मेंढरं-शेळ्या राखणाऱ्या घरातून लेखणी धरलेला मी पहिलाच. गावी तोंड कसं दाखवायचं, या विचारानं मी तापापेक्षा जास्त खचलो होतो.

माझी तब्येत बघायला आई बोरीजवळच्या आमच्या गावाहून आली ती शेळी घेऊनच. क्वार्टरच्या खिडकीखाली ती बांधली आणि रोज संध्याकाळी फेसाळतं कच्चं दूध पेल्यात काढून माझ्या हातात द्यायची.

"उकळलं की दुधातला जीव जातोय बाबा," ती म्हणायची. "आमी असंच पिऊन मोठे झालोत. पी गुमान."

आमच्याकडे आजाऱ्याला धारोष्ण दूध देतात, तेही शक्यतो नुकत्याच व्यायलेल्या शेळीचं. ताप सुरू होण्याआधी आठवडाभर रजेवर गावी गेलो तेव्हाही रोज पीत होतो. ताप चढला की आई दूध वाढवायची. पुढं पुढं सकाळीही सुरू झालं.

मग दवाखान्यात एक तरुण डॉक्टर बदलून आले. बोर्डाआधी मला देखरेखीसाठी वॉर्डात ठेवलं होतं, तिथं ते संध्याकाळी स्टूल घेऊन माझ्या उशाशी बसले. "ताप संध्याकाळी येतो म्हणता ना, मग मी संध्याकाळीच बघतो," म्हणाले. पारा एकशे तीनला गेला. एवढी साधी गोष्ट पाच महिन्यांत कुणाला सुचली नव्हती, मलाही नाही.

त्यानंतर त्यांनी जे प्रश्न विचारले ते ऐकून मला वाटलं, हे ढोरांचे डॉक्टर आहेत की काय. घरी जनावरं कोणती? शेळ्या व्यायच्या वेळी हात कोण लावतं? यंदा किती शेळ्या गाभडल्या, म्हणजे किती जणींचं पिल्लू दिवस भरायच्या आधीच पडलं?

"चार गाभडल्या," आई म्हणाली. "ह्योच आला व्हता ना रजेवर, ह्यानंच वार काढली."

"आणि दूध?"

"कच्चंच की. माझ्या हातानं देते."

डॉक्टरांनी उठून लगेच माझं रक्त काढलं.

रक्त बर्फाच्या थर्मासमधून मनमाडच्या गाडीनं पुण्याला गेलं. अ‍ॅग्लुटिनेशन टेस्ट असं त्या तपासणीचं नाव. आपल्या रक्तात मेलेले जंतू मिसळतात. रक्ताची त्या जंतूंशी आधी गाठ पडलेली असेल तर जंतूंच्या गुठळ्या होतात. अकरा दिवस मी रोज टपालाची वाट बघितली. बोर्डाला तीन दिवस उरले असताना उत्तर आलं.

ब्रुसेलोसिस. शेळ्या-मेंढ्यांपासून, त्यांच्या कच्च्या दुधातून आणि गाभडलेल्या जनावराला हात लावल्यानं माणसाला होणारा जंतूंचा ताप. या भागात डॉक्टरांच्या बघण्यात पहिलाच.

मी म्हणालो, "साहेब, ते जाड पुस्तक तेवढं मागवा." हेडक्लार्क स्वतः घेऊन आले. कॉलऱ्याच्या लगेच खाली होता, शून्य चव्वेचाळीस. कॉलऱ्याचा नंबर मी किती वेळा काढला असेन, पण खालच्या ओळीवर नजर कधी थांबली नव्हती. माझ्या केसपेपरवर तो नंबर मी स्वतःच्या हातानं घातला. इतक्या आनंदानं मी आजवर एकही नोंद केली नव्हती.

बोर्डानं दोन महिन्यांची रजा दिली. स्ट्रेप्टोमायसिनची सुई रोज आणि टेट्रासायक्लिनच्या गोळ्या, असे तीन आठवडे. बसायची जागा चाळणी झाली, पण चौथ्या आठवड्यात मी घामाशिवाय उठलो आणि कंदुरीच्या मटणाचा वास आठवून मला भूक लागली.

आई मात्र कोपऱ्यात बसून डोळे पुसत होती. "लेकराला मीच इख पाजलं."

"आई, दूध चांगलंच असतं," डॉक्टर म्हणाले. "फक्त उकळा. जीव जंतूंचा जातो, दुधाचा नाही. आता तुमचाही हात द्या, तुम्हीही तेच दूध पिता."

आई हात देईना. "मला काय झालंय? कंबर दुखती, दिस मावळताना कणकण येती. ती तर धा सालांपासून हाय."

मी मान खाली घातली. कारण दहा वर्षं मीच तिला म्हणत आलो होतो, आई, तुला कामाचा कंटाळा येतो, दुसरं काही नाही. मोठे डॉक्टर माझ्याबद्दल जे कागदावर लिहीत होते ते मी तिला तोंडानं सांगत होतो. फार लाज वाटली मला.

समजूत घातल्यावर तिनं हात दिला, आणि तिच्याही रक्ताचं उत्तर तेच आलं. रजा संपून मी कामावर गेलो, तेव्हा तिचं नाव रजिस्टरात मीच चढवलं आणि पुढे शून्य चव्वेचाळीस घातला. डॉक्टर आमच्या गावालाही जाऊन आले, आणखी सहा जण निघाले. 'कारण न कळलेला ताप' म्हणून मीच धडाधड नोंदलेली नावं होती ती. सगळ्यांना औषध मिळालं. म्हणून सांगतो, ताप ज्या वेळी येतो त्याच वेळी डॉक्टरांना गाठा, आणि घरात कोणती जनावरं आहेत ते विचारायची वाट न बघता सांगा.

आईचं नाव चढवलं त्या दिवशी तिला मी ऑफिसात नेऊन रजिस्टर दाखवलं होतं. तिला वाचता येत नव्हतं. मी तिचं बोट तिच्या नावावर ठेवलं.

"म्हंजी मी सोंग करत नव्हते," ती म्हणाली.

"नव्हतीस आई."

ती हेडक्लार्ककडे वळली. "साहेब, तुमी बी बघा की," म्हणाली, आणि मग ऑफिसातल्या एकेकाला बोलावून तिनं ती ओळ दाखवली.