उशीर माफ!

आमच्या नाशिकच्या कोर्टात बाररूममधला चहा संपतो, उशिराचे किस्से संपत नाहीत. दाव्यात हरलेल्याला अपिलासाठी मुदत असते. ती हा पठ्ठ्या झोपून घालवणार, मग जाग आली की विलंब माफीचा अर्ज ठोकणार. आणि जिंकलेल्याने काय करायचं? बसायचं बोटं मोडत! मी स्वतः वकील, तरी तळपायाची आग मस्तकात जाते.

*

अर्जातला लाडका आजार म्हणजे कावीळ. एक कांदा व्यापारी म्हणे अंथरुणाला खिळून होता. मी उठलो, "साहेब, हे तेव्हा रोज लासलगावला लिलावात बोली लावत होते!"

त्याचा वकील गारपणे म्हणाला, "अंथरुणावरून, फोनवर."

उशीर माफ!

*

देवळाली कॅम्पचे एक रिटायर्ड सुभेदार, भरघोस मिशांचे. टायपिस्टने जुन्या अर्जात नाव बदललं, कारण तसंच ठेवलं. जजसाहेबांनी मोठ्याने वाचलं, "अर्जदार बाळंतपणासाठी माहेरी गेल्यामुळे..."

सुभेदार ताठ उभे. "वकीलसाहेबांची ऑर्डर होती सर, सही केली!"

*

सरकारी खात्याचं तर विचारूच नका. "फाइल या टेबलावरून त्या टेबलावर फिरत होती." झालं, माफ! त्याच दिवशी पेठ तालुक्यातल्या एका म्हाताऱ्याचं अपील फेटाळलं. एसटी बंद पडली म्हणून एक दिवस उशीर झाला होता. अरे, फाइल रखडलेली चालते आणि एसटी रखडलेली चालत नाही?

*

आणि माझी पक्षकार सखूबाई. निफाडकडची विधवा बाई. दिराने तिला आणि स्वतःच्या आईलाही घरातून हाकललं होतं. दावा जिंकून दोघी सासवा-सुना आपल्या दोन खोल्यांत परत आल्या. कुठे जरा निवांत होतायत, तर दिराचं अपील! तेही मुदत टळून गेल्यावर. उशीर माफ झाला असता तर घर पुन्हा टांगणीला.

कारण काय दिलं? "निकालानंतर आई वारली, दुःखातून सावरलो नाही." वर शपथपत्र!

सखूबाई किंचाळलीच, "मेली? सकाळीच भाकरी करपली म्हणून माझ्याशी भांडली की वो!"

पुढच्या तारखेला तिने सासूला रिक्षात घालून कोर्टात आणलं. साहेब थक्क. "आजी, हा तुमचाच मुलगा?"

"माझाच हाय."

"मग हा खोटं बोलतोय?"

आजीने लेकाकडे पाहिलं. तो फरशीकडे बघत होता.

"खोटं नाय साहेब. त्याच्यापुरती मी मेलेच हाय. तारीख तेवढी चुकली. निकालानंतर नाय, घरातून हाकललं त्या दिवशीच मेले. तेवढं नीट लिहून घ्या."