एटोबिकोच्या टेबलावरची सामोआची बैठक

निघायच्या आदल्या दिवशी मी बॅगेचं वजन वाडीतल्या केळ्यांच्या काट्यावर केलं होतं. काय न्यायचं त्याची यादी केली होती आणि जे भरलं त्यावर फुली मारली होती. विमानतळावर मात्र बांनी सदऱ्याच्या आतून सुकेळींची, म्हणजे सुकवलेल्या केळ्यांची, मोठी पुडी काढली आणि बॅग परत उघडायला लावली. पुडी मावेना. मी चिडून म्हटलं, "बा, वजन जास्त होईल." बांनी शांतपणे माझा जाड स्वेटर बाहेर काढला, त्या जागी पुडी कोंबली आणि म्हणाले, "थंडी सोसता येते गं बाय. भूक सोसवत नाही." स्वेटर काखेत मारून ते वसईला परत गेले. मी टोरांटोला उतरले तेव्हा फेब्रुवारी होता. थंडी सोसता येत नाही, हे बांना कळवायचं मी टाळलं.

वसईतल्या माझ्या माणसांनो आणि माझ्यासारख्या निघून आलेल्यांनो, सुरुवातीच्या वर्षांबद्दल फार लिहीत नाही. टोरांटोच्या एटोबिको भागातलं एक बेसमेंट, विमानतळाजवळच्या गोदामात शिपमेंटच्या याद्या तपासायचं काम, रविवारी चर्च. तुमच्यातल्या प्रत्येकाचं बेसमेंट थोड्याफार फरकाने असंच होतं. माझ्या वाट्याला वेगळं आलं ते चर्चच्या कॉयरमध्ये. मागच्या रांगेत एक धिप्पाड माणूस इतक्या खालच्या सुरात गायचा की बाकाची फळी थरथरायची. तो सामोआचा होता, न्यूझीलंडच्या ऑकलंडमध्ये वाढलेला, विमानांच्या दुरुस्तीच्या कामासाठी इकडे आलेला. नाव तविता, म्हणजे आपला डेव्हिड. मी आईला फोनवर लग्नाचं सांगितलं तेव्हा ती म्हणाली, "तविता? अगं सिसिलिया, पोरीशी लग्न करतेस काय?" मग फोटो पाठवला. त्यानंतर तिने नावाबद्दल काही विचारलं नाही, एवढंच म्हणाली, "याला जेवायला किती लागतं?"

सामोआ कुठे आहे हे मला तेव्हा ठाऊक नव्हतं. नकाशात पॅसिफिकच्या निळ्यावर माशी बसल्यासारखे दोन ठिपके दिसले. त्या ठिपक्यांचा इतिहास मला पुस्तकातून कळला नाही. तो माझ्या स्वयंपाकघरात राहायला आला. सासरे वारल्यावर सासूबाई आमच्याकडे आल्या. त्यांना मी तीना म्हणते, त्यांच्या भाषेत तीना म्हणजे आई.

आमची पहिली ओळख अळूवर झाली. कॅरिबियन ग्रोसरीत अळू मिळतं. त्यांच्याकडे अळूच्या पानात नारळाचं घट्ट दूध बांधून भाजतात. मी बेसन लावून अळूवड्या केल्या. तीनांनी एक वडी उलटसुलट करून पाहिली आणि विचारलं, "इतक्या चांगल्या पानावर चिखल कशाला फासतेस?" तविता घाबरून माझ्याकडे बघायला लागला. मी म्हटलं, "आणि तुम्ही दुधाला पानाची लंगोटी बांधता ते?" त्या इतक्या हसल्या की त्यांना खुर्चीला धरावं लागलं. तेव्हापासून शनिवारी संध्याकाळी आम्ही दोघी पानं निवडत बसतो आणि त्या बोलतात.

त्या सांगायच्या, आधी आमच्याकडे जर्मन आले, नारळाच्या मळ्यांसाठी. पहिलं महायुद्ध सुरू होताच न्यूझीलंडचे सैनिक उतरले आणि एक गोळी न झाडता झेंडा बदलला. युद्ध संपता संपता ऑकलंडहून एक जहाज आलं. त्यावर तापाने फणफणलेली माणसं होती. अधिकाऱ्यांनी ते न थांबवता धक्क्याला लागू दिलं. काही आठवड्यांत पाचातला एक माणूस गेला. "माझ्या आजोबांनी स्वतःच्या तीन भावंडांना एकाच खड्ड्यात ठेवलं," तीना म्हणाल्या, आणि पानाची शीर कापत राहिल्या.

त्यातून चळवळ उभी राहिली. तिला 'माउ' म्हणत. मागणी साधी होती, सामोआ सामोअन लोकांचा. शस्त्र घ्यायचं नाही, कर द्यायचा नाही, सरकारच्या बोलावण्याला जायचं नाही. निळ्या लुंगीला पांढरा पट्टा, हाच गणवेश. सरकारने निःशस्त्र मिरवणुकीवर गोळ्या झाडल्या. आणि गावोगावच्या मताईंना, म्हणजे कुटुंबप्रमुखांना, गावाबाहेर काढलं. मताई हे पद आहे. ते नावासारखं माणसाला लागतं, आणि सगळं कुटुंब एकत्र बसून ते देतं. एकाचंही मन वळलेलं नसेल तर बैठक उठत नाही. तीनांच्या आजोबांचं पद एका परक्या अधिकाऱ्याने कागदावर सही करून काढून घेतलं आणि त्यांना दुसऱ्या बेटावर धाडलं. "गावात मात्र कोणीच त्यांना पदाआधीच्या जुन्या नावाने हाक मारली नाही," तीना सांगायच्या. "पदानेच हाक मारायचे. ते तिथे नसतानाही."

मी ऐकत असे आणि मनात वसईचा किल्ला येई. पोर्तुगीज आले, आमची आडनावं बदलली. मग पेशव्यांचं सैन्य आलं, मग इंग्रज. किल्ल्यावर प्रत्येकाचा झेंडा लागला. आमच्या वाडीला कुणी विचारलं नाही की बायांनो, तुम्हाला कोणता हवा? आम्ही केळी लावत राहिलो.

तीनांच्या बेटावर मात्र एकदा विचारलं. स्वातंत्र्याच्या आदल्या वर्षी संयुक्त राष्ट्रांच्या देखरेखीखाली मतदान झालं आणि प्रत्येक प्रौढ माणसाला विचारलं गेलं, स्वातंत्र्य हवं का? तीनांची आई पांढरा पोशाख घालून गेली. दहा-अकरा वर्षांच्या तीना तिच्या बोटाला धरून होत्या. पॅसिफिकमधल्या बेटांत सामोआ सर्वात आधी स्वतंत्र झाला. झेंडा वर चढला तेव्हा म्हातारे आजोबा पांढऱ्या पट्ट्याची जुनी लुंगी नेसून सगळ्यांत पुढे उभे होते.

"मग?" मी विचारलं.

"मग काय. त्यानंतर मताईंनीच मत द्यायचं असं ठरलं. स्वातंत्र्य हवं का, हे माझ्या आईला विचारलं. ते मिळाल्यावर विचारणं बंद." पुढे जवळजवळ तीस वर्षांनी सर्वांना मताधिकार मिळाला. तोवर त्यांची आई गेली होती.

गेल्या हिवाळ्यात दोन गोष्टी लागोपाठ घडल्या.

पहिली वसईची. माझा थोरला भाऊ बस्त्याव याचा फोन आला. वाडीच्या वाटण्या झाल्या होत्या. बा जाऊन बरीच वर्षं झाली, आईही गेली, वाडी बस्त्यावच राखतो, पाणी तोच सोडतो. त्याने हक्कसोडपत्र पाठवलं. "नुसती सही कर गं बाय, बाकी सगळं आम्ही बसून ठरवलंय." मी सही केली. माझ्या मनात वाडी मागायचं कधीच नव्हतं आणि आजही नाही. त्यांनी मला बसायला बोलावलं असतं तरी मी हेच म्हटलं असतं. पण ते म्हणायला जागाच ठेवली नव्हती. पाकीट कुरियरला दिलं, यादीतल्या त्या ओळीवर फुली मारली, आणि नंतर बराच वेळ गाडी सुरूच केली नाही.

दुसरी गोष्ट सामोआची. तीनांचे थोरले भाऊ वारले आणि आजोबांचं ते पद रिकामं झालं. धाकटे भाऊ, आमचे फेतूमामा, गावातच असतात. त्यांनी बैठक बोलावली. शनिवारी संध्याकाळी आमच्याकडे अंधार पडतो तेव्हा त्यांच्याकडे रविवारची दुपार असते, चर्चनंतरचं जेवण झालेलं असतं. या वेळेबद्दलही तीनांकडे गोष्ट आहे. पूर्वी अमेरिकन व्यापाऱ्यांच्या सोयीसाठी देश तारखेच्या रेषेच्या एका बाजूला गेला होता. अलीकडे त्यांनी आपल्या सोयीने एक शुक्रवार गाळला आणि दुसऱ्या बाजूला आले. "वार आमचा आम्ही ठरवला," असं त्या ऐटीत सांगतात.

लॅपटॉप जेवणाच्या टेबलावर ठेवला. तविता आणि तीना समोर बसले. मी मागे ओट्याशी. लग्न करून आलेली बाई नवऱ्याच्या कुटुंबाच्या बैठकीत बोलत नाही, ही तिकडची रीत मला माहीत होती आणि तिच्याबद्दल तक्रारही नव्हती. पडद्यावर चटयांवर बसलेली माणसं, पंखे, मधूनच एक कोंबडा. तीना दबक्या आवाजात मला अर्थ सांगत होत्या.

फेतूमामांनी पद तविताला द्यावं असं सुचवलं. तो वर्षानुवर्षं कुटुंबासाठी राबला होता. पण मताईने गावात राहायला हवं. म्हणजे घर विकून, कामं सोडून कायमचं परत. मी तविताच्या पाठीकडे बघत होते. ती पाठ मी पंचवीस वर्षं ओळखते. ती हळूहळू ताठ होत गेली. त्याला हवं होतं. पणजोबांचं नाव, हिसकावून घेतलेलं आणि परत मिळालेलं, ते त्याच्या अंगावर येणार होतं. एकेक जण होकार देत गेला. माझ्या हातातला कप गार झाला. बांच्या वाडीतून मी एकदा निघाले होते. आता या घरातूनही निघायचं होतं, आणि ठरत होतं ते पलीकडे, चटईवर.

तेवढ्यात तीना मोठ्याने म्हणाल्या, "सिसिलियाला विचारलेलं नाही."

फेतूमामा म्हणाले, "अगं ताई, सूनबाई या बैठकीत बोलत नसते. तुला माहीत नाही का?"

"मला माहीत आहे. आईला एकदा विचारलं आणि मग कधीच विचारलं नाही, हेही माहीत आहे. तू तेव्हा चटईवर मुतत होतास."

पलीकडे कोणीतरी हसू दाबलं. फेतूमामांनी चष्मा काढला, पुसला, परत लावला. मग माझ्याकडे बघून सावकाश इंग्रजीत म्हणाले, "पदाचं निम्मं ओझं तुझ्या डोक्यावर येणार. तर बोल, सिसिलिया. आम्ही बसलो आहोत."

आमची मुलगी आना जिन्यातून कुजबुजली, "मम्मी, जस्ट से येस."

मी पुढे जाऊन बसले. तविताने माझ्याकडे पाहिलं नाही. मी म्हटलं, "मी येणार नाही. एकदा घर सोडून नवं बांधायला मला अर्धं आयुष्य लागलं. दुसऱ्यांदा ते मला जमणार नाही. तविताला यायचं असेल तर मी अडवणार नाही. पण मी आनंदाने पाठवलं असं कोणी म्हणू नये, कारण ते खरं नसेल."

कोंबडा आरवला. मग फेतूमामा म्हणाले, "बरं. ऐकलं. म्हणजे अजून बसायला लागेल."

पुढचे कितीतरी शनिवार ते बसले. कोणी मला पटवायला आलं नाही, की दोष दिला नाही. शेवटी पद लुसियाला मिळालं, थोरल्या मामांची मुलगी, गावच्या शाळेत शिकवणारी. तविताने स्वतः तिचं नाव घेतलं. फेतूमामांनी सगळ्यांना पुन्हा एकदा विचारलं. मलाही.

दुसऱ्या दिवशी भरपूर बर्फ पडला. तविता गाडीच्या वाटेवरचा बर्फ फावड्याने उपसत होता, गरज नव्हती तिथलाही. मी बाहेर गेले. तो म्हणाला, "पणजोबांचं पद सरकारने काढून घेतलं. माझं बायकोने." तो हसायचा प्रयत्न करत होता, जमत नव्हतं.

दारातून तीना ओरडल्या, "तुझ्याकडे होतं कुठे, काढून घ्यायला? आणि आजोबांना कोणी विचारलं नव्हतं. हिला विचारलं. बोंबलत काय उभा आहेस, आत ये, सूप निवतंय."

तो आत आला. त्यानंतर बरेच दिवस त्याचं गाणं घरात ऐकू आलं नाही. त्याने जे सोडलं ते मोठं होतं, आणि ते माझ्यासाठी होतं, हे मी रोज त्याच्या चेहऱ्यावर बघत होते. उन्हाळ्यात आम्ही सगळे लुसियाच्या समारंभाला गेलो. तविताने तिच्यासमोर चटई अंथरली आणि मान लववून खाली बसला. परतीच्या विमानात तो झोपेत गात होता. माझी चिंता तेव्हा उतरली.

घर कुठे, असं मला वसईचे लोक विचारतात, इथलेही विचारतात. पूर्वी मी जिल्हा, तालुका सांगायचे, किंवा पोस्टल कोड. वसईवर माझा राग नाही. बस्त्यावला मी या नाताळातही फोन केला, आणि पुढच्या वेळी काही ठरवायचं असेल तर मला बोलावून बसा, हेही सांगितलं. तो म्हणाला, "बरं गं बाय." माझी अपेक्षा आता एवढीच आहे. जिथे मी नाही म्हटलेलं चालतं, आणि चालल्यावरही ताट वाढलेलं असतं, तिथे मी घरी असते.

मागच्या शनिवारी मी ग्रोसरीच्या पार्किंगमध्ये होते. तविताचा फोन आला, "कुठे आहेस? लुसियाने बैठक बोलावलीय. गावच्या घराचं छप्पर करायचंय."

"मग करा ना सुरू."

"लुसिया नाही म्हणते. टोरांटोची सून आल्याशिवाय नाही."

मी गाडीत बसले आणि कॉल जोडला. फेतूमामा त्रासिक आवाजात म्हणाले, "आली का? चल, सांग. उसाच्या पाल्याचं छप्पर की पत्र्याचं? मी म्हणतो पत्रा. टिकतो."

मी म्हटलं, "पत्रा नको. मी वसईची आहे, पाऊस मला माहीत आहे. पत्र्यावर पाऊस पडला की एकाचं बोलणं दुसऱ्याला ऐकू येत नाही."

"पाला दर काही वर्षांनी बदलायला कोण चढणार? तू?"

"चढेन. मामा, तुम्ही शिडी धरा."

तिकडे हशा झाला, मग दोन-तीन जण एकदम बोलायला लागले. फेतूमामांना अजिबात पटलं नव्हतं. मी हीटर वाढवला, सीट थोडी मागे केली आणि वाद घालायला बसले.